बिल एव्हान्स ट्रायोचा व्हिलेज व्हॅनगार्ड संच : काही महिने ऐकल्यानंतर

अमेरिकी जॅझ पियानोवादक बिल एव्हान्सचं २५ जून १९६१ चं वादन बहुतेक जण 'संडे अ‍ॅट द व्हिलेज व्हॅनगार्ड' आणि 'वॉल्ट्झ फॉर डेबी' या दोन अल्बममधून ऐकतात. त्या रविवारचं पूर्ण ध्वनिमुद्रण तीन सीडींच्या संचात २००५ साली आलं. गेले काही महिने मी तोच संच ऐकतो आहे. माझं मत असं, की एव्हान्स नीट ऐकायचा असेल तर इथूनच सुरुवात करावी.

त्याचं कारण मांडणीत आहे. त्या दिवशी न्यूयॉर्कच्या 'व्हिलेज व्हॅनगार्ड' या तळघरातल्या क्लबात ट्रायोने, म्हणजे पियानो, बेस आणि ड्रम्स अशा तिघांच्या गटाने, दुपारी दोन आणि रात्री तीन असे पाच सेट (वादनाच्या बैठका) वाजवले. अकरा दिवसांनी बेसवादक स्कॉट लाफारो मोटार अपघातात गेला, अवघ्या पंचविसाव्या वर्षी. त्यानंतर निघालेला पहिला अल्बम 'संडे अ‍ॅट द व्हिलेज व्हॅनगार्ड' साहजिकच त्याची आठवण म्हणून रचला गेला. सुरुवातीला त्याची 'ग्लोरियाज स्टेप', शेवटी त्याचीच 'जेड व्हिजन्स'. तो अल्बम ऐकताना मृत्यूची बातमी आपल्या कानात आधीच येऊन बसलेली असते. या संचात रचना वाजल्या त्याच क्रमाने येतात, आणि मग ऐकू येतात कामात गढलेले तीन तरुण. एकच रचना दुपारी एका अंगाने उलगडते, रात्री दुसऱ्या. 'ऑल ऑफ यू' तीनदा आहे आणि तीनही वेळा एव्हान्स नव्याने वाट शोधतो.

बेसकडे कान द्यायला मला वेळ लागला. आपल्याकडच्या बैठकीत ठेका धरून ठेवणारा तबला असतो, तसं काम जॅझमध्ये बेसचं, अशी सवय झालेली असते. लाफारो ते काम मध्येच सोडतो, वरच्या सप्तकात जाऊन पियानोला उत्तर देतो. एव्हान्स डाव्या हाताच्या कॉर्डमधून (एकत्र वाजणाऱ्या स्वरांमधून) मूळ स्वर बरेचदा गाळतो, तो बेससाठी मोकळा ठेवतो. आणि बेसही तो वाजवीलच असं नाही. दोघांनी न वाजवलेला स्वर मग आपणच मनात धरून ठेवतो. ड्रम्सवरचा पॉल मोशन इतका संयमी, की 'माय फूलिश हार्ट'मध्ये त्याचे ब्रश (काठ्यांऐवजी वापरायचे) नुसते वाजत नाहीत, सगळ्या रचनेचा श्वास सांभाळतात. एकाने सोलो करायचा आणि बाकीच्यांनी साथ, ही चौकट एव्हान्सला नको होती. तिघांचं एकाच वेळी चाललेलं संभाषण त्याला हवं होतं, ते इथे मिळतं.

ट्रम्पेटवादक माइल्स डेव्हिसच्या 'काइंड ऑफ ब्लू' या अल्बममुळे (१९५९, त्यात पियानोवर एव्हान्स आहे) एव्हान्सकडे वळलेल्यांना इथे तोच मृदू स्पर्श भेटेल, पण धिटाई जास्त आहे. 'सोलर' ऐका. त्याला नुसता हळवा पियानिस्ट म्हणणाऱ्यांनी तर नक्कीच ऐका.

ध्वनी चांगला आहे. ग्लासांची किणकिण, लोकांच्या गप्पा, हसणं सगळं येतं. सुरुवातीला खटकतं, नंतर क्लबाच्या जागेची खोली कळायला तेच उपयोगी पडतं. पहिल्याच 'ग्लोरियाज स्टेप'मध्ये वीज गेल्यामुळे ध्वनिमुद्रण तुटतं. तो तुकडा ठेवला हे योग्यच केलं. अडचण पुनरावृत्तीची : तीनही सीडी सलग लावल्या तर कान थकतात. मी एका वेळी एकच सेट ऐकतो.

लाफारोनंतर एव्हान्सने काही महिने जवळजवळ वाजवलंच नाही. पुढे बेसवर चक इस्रायल्स आला, १९६६ पासून अकरा वर्षं एडी गोमेझ होता, आणि अखेरीस मार्क जॉन्सन (बेस) व जो लाबारबेरा (ड्रम्स) यांच्यासोबतचा ट्रायो. व्यसनांनी शरीर पोखरलेलं असताना त्या शेवटच्या ट्रायोत तो जास्तच वेगाने, तुटून पडल्यासारखा वाजवत होता. १५ सप्टेंबर १९८० रोजी तो गेला, ५१ वर्षांचा. ते उत्तरकाळातलं वादन मला फार प्रिय आहे आणि ते कमी ऐकलं जातं याचं वाईट वाटतं.

जॅझ अगदी नवं असेल तर आधी 'वॉल्ट्झ फॉर डेबी' घ्या. ती धून एव्हान्सने आपल्या पुतणीसाठी केली होती आणि पटकन मनात बसते. ती आवडली की हा संच घ्यायला मागेपुढे पाहू नका. पियानो किंवा बेस वाजवणाऱ्यांनी मात्र थेट हाच घ्यावा, आणि हेडफोन लावून आधी फक्त लाफारो ऐकावा.