आठ महिने ‘वॉच द थ्रोन’ ऐकल्यानंतर

जे-झी आणि कान्ये वेस्ट या अमेरिकन रॅपरांचा २०११ चा हा अल्बम गेले आठ महिने जवळजवळ रोज ऐकतोय. मोह पडला तो फॅशन डिझायनर रिकार्दो तिशीने केलेल्या सोनेरी कव्हरचा. पहिले दोन आठवडे कानात नुसता झगमगाट होता: घड्याळं, मेबॅक गाड्या, पॅरिस. ‘ओटिस’ या गाण्यात कान्ये स्वतःच याला लक्झरी रॅप म्हणतो.

पण ही श्रीमंती ऐकायची तर त्याच गाण्याची सुरुवात ऐका. ओटिस रेडिंगचं १९६६ चं ‘ट्राय अ लिटल टेंडरनेस’ आधी निवांत वाजू देतात, मग त्याच्याच आवाजाचे तुकडे करून ठेका उभा करतात. एवढा मोठा गायक पाहुणा म्हणून घरी बोलावणं, याहून मोठा थाट कुठला? ‘न्यू डे’त गायिका नीना सिमोनचा आवाज ऑटो-ट्यून या आवाज बदलणाऱ्या सॉफ्टवेअरमधून येतो, थरथरत, ओळखीचा आणि परका. त्यावर दोघंही अजून न जन्मलेल्या मुलाशी बोलतात. वडील सोडून गेलेला जे-झी त्या मुलाला शब्द देतो, मी तुला सोडणार नाही. हे गाणं मला तिसऱ्या महिन्यात उमगलं आणि तेव्हापासून अख्खा अल्बम वेगळा ऐकू येतो. सोन्याच्या भिंतीआड केवढी भीती आहे!

‘मर्डर टू एक्सलन्स’ तर मधोमध दुभंगतं. आधी शिकागोतल्या खुनांचा हिशेब, कान्ये म्हणतो: इराकमध्ये ३१४ सैनिक गेले, शिकागोत ५०९ माणसं. मग ठेका बदलतो आणि आपण उंची मेजवानीत पोचतो. तिथे जे-झीला दिसतं की जितकं वर जावं, तितके आपले कृष्णवर्णीय लोक कमी होत जातात.

‘नो चर्च इन द वाइल्ड’चा खर्ज मोबाइलच्या स्पीकरवर हरवतो, चांगले हेडफोन हवेतच. ‘लिफ्ट ऑफ’ मी आता सोडून देतो. बियॉन्से असूनही ते पोकळ वाटतं, तुताऱ्यांचा गाजावाजा फार. बायकांबद्दलच्या काही ओळी आठ महिन्यांनीही खटकतात.

‘मेड इन अमेरिका’ मात्र रात्री उशिरा लावतो. गायक फ्रँक ओशनचा मऊ आवाज आणि जे-झीच्या आजीचं केळ्याचं पुडिंग. एवढ्या हिऱ्या-मोत्यांत मला तेच सर्वांत महाग वाटतं.