टीपीएस गेला म्हणतात, पण तपासायचा कुठं? मीटर, मोबाइल, मिस्त्री की शहर

गाडी मिसिंग मारते, रेस दिली तरी पिकअप घेत नाही, एसटी स्टँडपाशी हळू केली की बंद पडते. मिस्त्री बोनेट उघडतो, दोन-चार वायरी हलवतो आणि म्हणतो, “भाऊ, टीपीएस गेला वाटते तुमचा.” टीपीएस म्हणजे इंजिनाची हवेची चकती किती उघडली ते सांगणारा सेन्सर. इथपर्यंत सगळ्यांचं सारखंच असतं. पुढं मात्र चार वाटा फुटतात. मिस्त्रीच्या अंदाजावर नवा सेन्सर टाकायचा, मल्टीमीटर घेऊन स्वतः मोजायचं, मोबाइलला जोडायचा छोटा स्कॅनर मागवायचा, नाहीतर यवतमाळ, अमरावती, नागपूर जे जवळ पडेल ते गाठायचं. गाव शहरापासून पन्नास-साठ किलोमीटर आत असेल तर हा निर्णय एक पूर्ण दिवस आणि काही हजार रुपयांचा असतो.

माझं मत आधीच सांगतो. रेसच्या केबलवर चालणारी जुनी पेट्रोल गाडी असेल तर मीटर घ्या. गेल्या दहा-बारा वर्षांतली असेल तर आधी मोबाइलचा स्कॅनर, मग मीटर. न मोजता सेन्सर विकत घेणं ही चौघांतली सगळ्यात महाग वाट आहे, दिसायला स्वस्त असली तरी.

टीपीएस म्हणजे थ्रॉटल पोझिशन सेन्सर. इंजिनात हवा सोडणारी चकती किती उघडली, हे ईसीएमला, म्हणजे इंजिन सांभाळणाऱ्या संगणकाला, सांगणं एवढंच त्याचं काम. जुन्या सेन्सरात कार्बनचा पट्टा असतो आणि त्यावरून एक टोक घासत फिरतं, जुन्या रेडिओच्या आवाजाच्या बटणासारखं. बटण एका जागी झिजलं की रेडिओ खरखरतो, तसा हा पट्टा जिथं सगळ्यात जास्त वापरला जातो तिथंच झिजतो, म्हणजे आयडलपासून थोड्या रेसपर्यंत. म्हणून पूर्ण रेस दाबली की गाडी सुसाट आणि हळू चालवताना झटके, असं होतं. नव्या गाड्यांतले बरेच सेन्सर चुंबकावर चालतात, त्यात घासायला काही नसतं. ते झिजत नाहीत, पण उन्हात आतलं सर्किट बिघडू शकतं, आणि कपलरच्या, म्हणजे वायरी सेन्सरला जोडणाऱ्या प्लगच्या, पिना तर कुठल्याही गाडीत सैल होतात.

आता तुमची गाडी कुठली, ते आधी पाहा. गाडी बंद करून बोनेट उघडा आणि कोणाला तरी आतून रेस दाबायला सांगा. ही चकती जिच्यात बसते त्या थ्रॉटल बॉडीपर्यंत केबल येऊन चकती फिरवत असेल तर तुमची गाडी सोपी. जुनी ओम्नी, एमपीएफआय ८००, पहिली अल्टो या सगळ्या त्या घरातल्या. केबल दिसलीच नाही तर चकती मोटारीवर चालते. तिथं टीपीएस थ्रॉटल बॉडीच्या पोटातच असतो, एक नाही तर दोन, आणि रेसच्या पेडलमधले सेन्सर वेगळे. अशा गाडीत चावी ऑन असताना चकतीत बोट घालायचं नाही, मोटार दया दाखवत नाही. डिझेलवाल्यांनी एक लक्षात ठेवावं: कॉमन रेल डिझेलमध्ये ताकद ठरते ती डिझेल किती फवारलं यावर, आणि ते ईसीएम पेडलच्या सेन्सरकडून विचारून घेतो. मिस्त्री ‘टीपीएस’ म्हणत असला तरी बहुतेक वेळा त्याला पेडलचा सेन्सर म्हणायचा असतो.

मीटरची बाजू मी जरा सविस्तर मांडतो, कारण गावात तीच सगळ्यात कमी वापरली जाते. साधा डिजिटल मल्टीमीटर ३०० ते ५०० रुपयांत येतो. विकत घ्यायचा नसेल तर मोटार रिवाइंडिंगवाल्याकडं किंवा वायरमनकडं असतोच, आणि त्याच्याकडं जुना काट्याचा मीटर असेल तर आणखी चांगलं. फक्त त्याचा टेस्ट लॅम्प आणि मेगर (मोठे व्होल्ट सोडून इन्सुलेशन तपासणारा मीटर) लांब ठेवा. विहिरीवरच्या मोटारीला चालतं ते ईसीएमच्या पाच व्होल्टच्या वायरीला चालत नाही. सेन्सरच्या पाचशे-हजारासाठी तपासायला बसाल आणि ईसीएम घालवून उठाल.

साध्या सेन्सरला तीन वायरी असतात. एकीवर ईसीएमकडून ५ व्होल्ट येतात, एक अर्थ (निगेटिव्ह) आणि एक सिग्नल. पहिलं मोजमाप सेन्सरचं नसतंच. चावी बंद करून कपलर काढा, मग चावी ऑन, इंजिन बंद, आणि वायरीकडच्या ५ व्होल्टच्या आणि अर्थच्या पिनांमध्ये व्होल्ट मोजा. साधारण ४.८ ते ५.२ मिळायला हवेत. नाही मिळाले तर दोष या सेन्सरचा नाही, घोटाळा बहुधा वायरीत आहे. आणि आपल्याकडं वायरीतच फार असतो. पावसाळ्यात गाडी कोठ्याशेजारी, कुटाराच्या ढिगाला लागून उभी राहते. उंदरांना ऊबदार इंजिन आणि शेजारी जेवण, दोन्ही एकाच ठिकाणी. एअर फिल्टरच्या डब्याखाली शेंगांची टरफलं दिसली की मी सेन्सरकडं पाहतच नाही, आधी वायरिंगवरची काळी टेप सोलतो. शेजारच्या काकाजींच्या गाडीला नवा सेन्सर ठरला होता, पैसेही काढून ठेवले होते. मोजलं तर पाच व्होल्टच्या जागी शून्य. कपलरपासून वीतभर मागं वायर कुरतडून दोन धाग्यांवर लोंबत होती. सोल्डर केली, स्लीव्ह चढवली, काम झालं.

पाच व्होल्ट ठीक असले तर कपलर परत लावा आणि मागच्या बाजूनं, वायरीच्या रबरी सीलला लागून, बारीक टाचणी आत सरकवून सिग्नलच्या वायरीवर मीटर लावा. वायरीच्या अंगात टाचणी खुपसू नका. त्या भोकातून पावसाळ्यात पाणी शिरतं आणि सहा महिन्यांनी हिरवं होऊन तुटतं. मीटरचं काळं टोक बॅटरीच्या निगेटिव्हवर. चकती बंद असताना बहुतेक गाड्यांत ०.५ ते १ व्होल्टच्या आत, पूर्ण उघडी असताना ४ ते ४.७ च्या आसपास. पण हे दोन आकडे बरोबर आले म्हणून खूश होऊ नका. खरी तपासणी मधल्या प्रवासाची आहे. आत बसलेल्याला सांगायचं, “हळू दाब, अजून हळू,” आणि आपण काट्याकडं पाहत राहायचं. काटा पाणी चढावं तसा न थांबता वर गेला पाहिजे. एका जागी तो दचकून खाली पडला आणि परत वर आला, तर पट्टा तिथं गेलेला आहे. डिजिटल मीटर सेकंदाला दोन-तीनदाच आकडा बदलतो, त्यामुळं असा क्षणाचा खड्डा त्याच्या नजरेतून निसटतो. त्यात किमान-कमाल नोंदवायची सोय असेल तर ती चालू ठेवा. दाबता दाबता स्क्रूड्रायव्हरच्या मुठीनं सेन्सरवर हलकंच टकटक करा, वायरिंगही हलवून पाहा.

आणि हे सगळं गाडी तापलेली असताना करा. ब्रह्मपुरी-चंद्रपूरकडचा मे महिना ४५ अंशांच्या पुढं जातो, बोनेटखाली त्याहून कितीतरी जास्त. सकाळी सात वाजता थंड गाडीवर मोजून ‘सेन्सर चांगला आहे’ म्हणणारे बरेच भेटतात. बिघाड दुपारी दोनला होत असेल तर मीटरही दुपारी दोनलाच लावायचा, डोक्याला दुपट्टा बांधून.

केबलच्या गाडीत फुकटची एक युक्ती आहे. गाडी बंद करून टीपीएसचा कपलर काढा आणि मोकळ्या रस्त्यावर थोडी चालवून पाहा. पिवळा दिवा लागेल, ईसीएम स्वतःच्या अंदाजानं चालेल. आता झटके गेले तर संशय सेन्सरवर पक्का होतो. मोटारवाल्या थ्रॉटलवर हा प्रयोग अजिबात करू नका.

मीटर हरतो तो नव्या गाड्यांसमोर. सहा पिनांचा कपलर, दोन सेन्सर, एकाचे व्होल्ट वाढतात तेव्हा काही गाड्यांत दुसऱ्याचे कमी होतात, कुठली पिन कोणाची हे डायग्रॅमशिवाय कळत नाही. तिथं मोबाइलचा स्कॅनर सरस. ब्लूटूथवाला छोटा ठोकळा ५०० ते १,००० रुपयांत मिळतो, स्टेअरिंगखालच्या सॉकेटमध्ये बसतो. बीएस-४ (धुराच्या प्रदूषणाचा नियम) गाड्यांना ओबीडी-२, म्हणजे स्कॅनरला बिघाड वाचता येण्याची ठरलेली पद्धत, एप्रिल २०१३ पासून लागू झाली आणि बीएस-४ देशभर एप्रिल २०१७ पासून, म्हणून २०१७ नंतरच्या गाडीत तो जुळण्याची खात्री धरा. त्याआधीच्या, आपल्याकडं विकल्या गेलेल्या बीएस-३ गाडीत जुळेलच असं नाही. मागवण्याआधी कोणाचा तरी उसना आणून लावून पाहा.

स्कॅनर कोड दाखवतो आणि लोक तिथंच थांबतात, तिथंच चुकतात. पी०१२२ म्हणजे सिग्नल फार कमी येतोय. तुटलेली वायर, न आलेले पाच व्होल्ट, अर्थला लागलेला सिग्नल, यातलं काहीही असू शकतं. पी०१२३ म्हणजे फार जास्त, तिथं सेन्सरचा अर्थ तुटलाय का ते आधी पाहावं. पी०१२१ म्हणजे आकडा येतोय पण इंजिनाच्या बाकी वागण्याशी जुळत नाही. झिजलेल्या पट्ट्याचा संशय इथं खरा. पी२१३५ म्हणजे थ्रॉटलमधले दोन सेन्सर एकमेकांशी पटत नाहीत, आणि पी२१३८ म्हणजे तेच भांडण पेडलमध्ये. या शेवटच्या दोघांत गल्लत करून थ्रॉटल बॉडी बदलली तर पैसे गेले.

कोडपेक्षा लाइव्ह डेटा कामाचा. थ्रॉटलचा आलेख लावा, बाकी सगळं बंद करा, कारण एका वेळी दहा गोष्टी मागितल्या की हा स्वस्त ठोकळा धापा टाकतो आणि मधले खड्डे गाळतो. पाय उचललेला असताना आकडा शून्य दिसत नाही, १० ते २० टक्के दिसतो. ते बरोबरच आहे, घाबरू नका. पूर्ण दाबल्यावरही अनेक गाड्या १०० दाखवत नाहीत, ८०-९० वर थांबतात. स्कॅनरचा मीटरवर मोठा फायदा म्हणजे तो चालत्या गाडीत लावता येतो. मागं कोणी बसून आलेख रेकॉर्ड करू शकतो, झटका आला तेव्हा रेषा पडली की नाही हे घरी येऊन निवांत पाहता येतं. झटका आला आणि थ्रॉटलची रेषा सरळच राहिली, तर कॉइल, प्लग, पेट्रोलचा पंप यांच्याकडं वळा. वायर तुटली कुठं, हे मात्र स्कॅनर सांगत नाही. त्यासाठी पुन्हा मीटरच.

मिस्त्रीला मी या तुलनेत खाली ढकलत नाही. तो चालत जायच्या अंतरावर असतो, रात्री फोन उचलतो, कापूस विकेपर्यंत उधारीवर थांबतो. यातलं एकही शहरात होत नाही. त्याचा अंदाजही पुष्कळदा बरोबर निघतो, कारण तेच मॉडेल त्याच्या हाताखालून रोज जातं. अडचण एवढीच की थ्रॉटल बॉडीत साचलेली काजळी, फाटलेला व्हॅक्युम पाइप आणि गेलेला टीपीएस, तिघांची लक्षणं बाहेरून एकसारखी. आपल्या रस्त्यांवरची काळ्या मातीची धूळ आणि इंजिनातून येणारी तेलाची वाफ मिळून चकतीच्या कडेला जो थर बसतो, तो काढला की निम्म्या गाड्या आपोआप सुधारतात, असा माझा अनुभव आहे. म्हणून मिस्त्रीकडून पहिलं काम सफाईचं करून घ्या. क्लीनर कपड्यावर घेऊन पुसायला सांगा, सेन्सरच्या बाजूला फवारा नको. गॅस किट बसवलेली जुनी गाडी असेल तर किटवाल्यानं टीपीएसच्या वायरीला जोड मारलाय का, हेही विचारा. त्या पिळलेल्या जोडाला टेप गुंडाळलेली असते आणि उन्हात तिचा चिकट घाम सुटलेला असतो. सेन्सर बदलायचाच ठरला तर दुकानदार इलेक्ट्रिक माल परत घेत नाही. एखाद्या तशाच चालू गाडीचा सेन्सर तासभर लावून पाहायची तयारी मिस्त्रीनं दाखवली तर तो मिस्त्री सोडू नका.

शहराचा वर्कशॉप कधी? वॉरंटीतली गाडी असेल तर थेट तिथंच, एकाही वायरीला हात न लावता. दुसरं, मोटारवाली थ्रॉटल बॉडी बदलायची असेल तर, कारण नव्या चकतीची बंद-उघडी जागा ईसीएमला शिकवावी लागते. काही गाड्या चावी ऑन करून थोडा वेळ ठेवली की शिकतात, काहींना कंपनीचा स्कॅनरच लागतो. तोटे दोन. केबलच्या गाडीत सेन्सर दोन स्क्रूंवर निघतो, पण मोटारवाल्यात बहुधा अख्खी थ्रॉटल बॉडी घ्यावी लागते, आणि तिची किंमत पाच आकड्यांकडं सरकते. दुसरा तोटा असा की येऊन-जाऊन होणारा बिघाड शहरात हजर होत नाही. दुपारी दोनला तापून झटके मारणारी गाडी तुम्ही सकाळी दहाला सावलीत उभी करता, संध्याकाळी सांगतात, “काही सापडलं नाही.” जाताना आलेखाचा स्क्रीनशॉट, कोडचा फोटो आणि झटक्याचा व्हिडिओ घेऊन जा. आणि “टीपीएस बदला” असं सांगू नका, लक्षणं सांगा, नाहीतर जे मागितलं तेच बदलून मिळतं.

शहरात न्यायची कशी, हाही त्याच हिशेबाचा भाग. केबलची गाडी झटके खात का होईना, चालते. मोटारवाली लिंप मोडमध्ये (बिघाड दिसल्यावर ईसीएम ताकद कमी करतो ती अवस्था) गेली की चकती स्प्रिंगच्या जोरावर जराशीच उघडी राहते, रेस दाबून उपयोग नसतो, गाडी रांगते. अशा अवस्थेत समृद्धीवर चढू नका. तिथं कारला ताशी १२० ची मुभा आहे आणि मागून येणारा ट्रक तुम्हाला उभीच गाडी समजेल. जुन्या रस्त्यानं, दिवसा, चारही इंडिकेटर लावून जा. गाडी मध्येच रांगायला लागली तर बाजूला घेऊन चावी काढा, पाच मिनिटं थांबा आणि परत लावा. पुष्कळदा तेवढ्यानं लिंप मोड तात्पुरता सुटतो आणि पुढचं गाव गाठता येतं. दुसऱ्यांदा तसंच झालं तर तिथूनच पिकअपवाल्याला फोन लावा.