निमो, मट-जेफ की क्रेझी कॅट: आधी काय बघावं?

अमेरिकन वर्तमानपत्रांतल्या चित्रमालिकांवरून निघालेली मूक कार्टून्स बघायची ठरवलीत तर मुख्यतः तीन घराणी समोर येतात: निमोचा जनक विन्झर मॅके, बड फिशरची मट-जेफ जोडी आणि जॉर्ज हेरिमनची क्रेझी कॅट.

एकच संध्याकाळ मोकळी असेल तर मॅके. त्याचा ‘लिटल निमो’ (१९११) बघताना मात्र धीर धरा. आधी मॅके मित्रांपुढे चार हजार चित्रांचा विडा उचलतो, मग शाईची पिंपं येतात, कागदाचे गठ्ठे येतात. खरं कार्टून अगदी शेवटी, तेही अवघ्या काही मिनिटांचं. त्याला ना गोष्ट, ना पार्श्वभूमी. पण निमो आणि मंडळी ज्या डौलात लांबतात, आखडतात, वळतात, ती सफाई पुढच्या काळातल्या कामात क्वचितच दिसते. मॅके जवळजवळ सगळं स्वतःच्या हाताने काढायचा. स्टुडिओंना मात्र ठरल्या तारखेला रीळ द्यावं लागे. गोष्ट हवी असेल तर त्याचाच ‘द पेट’ (१९२१) घ्या. घरात आलेलं इवलंसं जनावर खात सुटतं, वाढत जातं आणि शेवटी शहरावर चालून येतं. त्याच्यावर विमानं सोडावी लागतात. ‘किंग काँग’च्या बारा वर्षं आधी! माझी पहिली पसंती हीच.

मट-जेफ म्हणजे निव्वळ हाणामारी आणि फजिती. मालिका १९०७ची, कार्टून्स १९१६पासून, आणि ती ढिगाने निघाली, त्यामुळे दर्जा वरखाली. कष्ट राउल बारे, चार्ल्स बॉवर्स यांच्या स्टुडिओचे, नाव फिशरचं. म्हणूनच ‘ऑन स्ट्राइक’ (१९२०) चुकवू नका: फिशरचा थाट बघून मट आणि जेफ संपावर जातात आणि आपलं कार्टून आपणच काढायला बसतात. ते कसं होतं, ते बघाच.

क्रेझी कॅटची १९१६ची कार्टून्स हेरिमनच्या चाहत्यांनी तरी शेवटी ठेवावीत. वृत्तपत्रसम्राट हर्स्टच्या स्टुडिओत ती इतरांनी केली. मांजर आहे, इग्नात्झ उंदीर आहे, पण छापील मालिकेतलं चौकटीगणिक पालटणारं वाळवंट गायब, आणि क्रेझीच्या मोडक्यातोडक्या बोलीतली कविताही फारशी उरत नाही. तिच्यासाठी छापील मालिकाच वाचा.

कुठलीही प्रत निवडताना वेग तपासा. सेकंदाला २४ चौकटींनी पळवलेला मूकपट उगाच लगबगीचा वाटतो, आणि मॅकेच्या रेषेचं त्यात सर्वांत जास्त नुकसान होतं.