अविश्वास ठरावाच्या केससाठी केलेल्या वकील मॅडम – आमचा अनुभव

सरपंचावर अविश्वास आला की वकील कोण करायचा हे पाव्हण्यारावळ्यांतले बरेच जण विचारतात, म्हणून एकदाच सविस्तर लिहितोय. आमची केस 2016ची, तेव्हा सरपंच सदस्यांतूनच निवडायचे. वहिनी सरपंच, पद महिलेसाठी राखीव, बॉडी 7 जणांची. ठरावाच्या बाजूने 5 मतं पडली आणि सभेतच ठराव मंजूर म्हणून प्रोसिडिंग (सभेचं इतिवृत्त) लिहून मोकळे झाले, झालं, त्या क्षणापासून अधिकार उपसरपंचाकडे, ग्रामनिधीच्या चेकवर वहिनींची सही बंद आणि पाण्याच्या मोटारीच्या दुरुस्तीचं बिल तसंच पडून.

आधी तालुक्याला एका नावाजलेल्या वकिलांकडे गेलो. ते म्हणाले डायरेक्ट हायकोर्टात रिट याचिका टाकू, स्टे म्हणजे स्थगिती आणू, टेन्शन घेऊ नका. कागद एकही उघडून बघितला नाही. मग ओळखीतून या मॅडम मिळाल्या, ऑफिस म्हणजे एवढीशी खोली, पण बसल्याबसल्या पहिला प्रश्न – ठराव कोणत्या तारखेला झाला? कारण ग्रामपंचायत कायद्याच्या कलम 35 प्रमाणे ठराव झाल्यापासून 7 दिवसांत कलेक्टरकडे विवाद अर्ज द्यावा लागतो, आणि त्यातले निम्मे दिवस आम्ही त्या स्टेच्या गप्पांत घालवले होते. हायकोर्ट नंतरचं, आधी कलेक्टर, मग आयुक्तांकडे अपील, हे त्यांनी सरळ सांगितलं.

उत्तरं सगळी दादाच देत होता. मॅडम त्याला म्हणाल्या, "सरपंच तुम्ही आहात का? मग ताईंना बोलू द्या." नोटीस कुणी आणली, हातात दिली की दारावर चिकटवली, पंचनाम्यावर सह्या कुणाच्या, सभेत बोलू दिलं का, सगळं वहिनींनाच विचारलं आणि वहिनींनी असं काही सांगितलं जे आम्हा घरच्यांनाही माहीत नव्हतं. मला ही गोष्ट सगळ्यात जास्त भावली.

खरा मुद्दा निघाला तो गणिताचा. एरवी दोन तृतीयांश लागायचे, म्हणजे 7 मध्ये 5 पुरे. पण महिला राखीव पदावर महिला सरपंच असेल तर तीन चतुर्थांश, म्हणजे सव्वापाच, म्हणजे 6 सदस्य पाहिजेत, 5 वर भागत नाही. आणि नुसती बाई सरपंच आहे एवढ्याने चालत नाही, पदच महिलेसाठी राखीव असावं लागतं, म्हणून मॅडमनी त्याच दिवशी आरक्षणाचा आदेश आणायला पिटाळलं. प्रोसिडिंगची सर्टिफाईड कॉपी, आदेश, अर्ज, सगळं मुदतीत दाखल झालं, पोच घेतली. निकाल आमच्या बाजूने लागला, वहिनी परत खुर्चीवर बसल्या.

आता खटकलेलं पण सांगतो. फोन उचलत नाहीत, मेसेजला उत्तर दुसऱ्या दिवशी. टायपिंगमध्ये गावाचं नाव चुकलं होतं, ते आम्हीच पकडलं. फी आधी सांगितली पण झेरॉक्स, नकला, येणंजाणं याचा खर्च वेगळा हे नंतर कळलं, हे आधी सांगायला हवं होतं. पावती मात्र प्रत्येक पैशाची दिली.

एक लक्षात घ्या, 2017 नंतर कायदा बराच बदललाय. सरपंच जनतेतून निवडलेला असेल तर सदस्यांनी ठराव पास केला तरी तो ग्रामसभेत गुप्त मतदानाला जातो, त्यामुळे आमचं 5 आणि 6 चं गणित तुमच्या गावाला जसंच्या तसं लावू नका. जायचं असेल तर फोनची वाट न बघता सकाळी कोर्ट सुरू व्हायच्या आधी ऑफिसला गाठा, नोटीस, पंचनामा, प्रोसिडिंगची नक्कल आणि आरक्षणाचा आदेश सोबत ठेवा, आणि सरपंच बाई असतील तर त्यांनाच पुढे बसवा. माझ्याकडून पाचपैकी चार स्टार, एक त्या फोनमुळे कापला.