एल्गारचा चेलो कॉन्चेर्तो (द्यु प्रे + बार्बिरोली): घ्या, पण कंडक्टरसाठी

एल्गार हा इंग्लिश संगीतकार, चेलो म्हणजे व्हायोलिनचा मोठा, खालच्या आवाजाचा भाऊ, आणि कॉन्चेर्तो म्हणजे एक सोलो वाद्य आणि त्याच्या साथीला अख्खा ऑर्केस्ट्रा. हे रेकॉर्डिंग लोक घेतात ते चेलो वाजवणाऱ्या जॅकलिन द्यु प्रेसाठी, आणि बरोबरच आहे, १९६५ साली पोरगी २० वर्षांची होती आणि सुरुवातीच्या कॉर्ड्सनाच (एकत्र वाजणाऱ्या सुरांनाच) अंगावर काटा येतो. पण माझं मत विचाराल तर अर्धं काम मागे उभ्या असलेल्या कंडक्टर जॉन बार्बिरोलीचं आहे.

हा माणूस मुळात चेलोवालाच. १९१६ मध्ये पोरवयातच लंडनच्या क्वीन्स हॉल ऑर्केस्ट्रात लागला आणि १९१९ ला ह्याच कॉन्चेर्तोचा पहिला कार्यक्रम झाला तेव्हा लंडन सिम्फनी ऑर्केस्ट्राच्या चेलोंमध्ये बसलेला होता. तो कार्यक्रम पार फसला बरं का, त्या दिवशीच्या बाकीच्या रचना बसवणाऱ्या कंडक्टरनं रिहर्सलचा वेळ खाल्ला आणि एल्गारच्या वाट्याला फारसा उरलाच नाही. पुढं १९२१ मध्ये बार्बिरोलीनं ह्याचा सोलोही वाजवला. आणि गंमत म्हणजे ह्या रेकॉर्डिंगमध्ये ऑर्केस्ट्राही तोच, लंडन सिम्फनी.

ऐकताना ह्याचा फरक कळतो का? कळतो. चेलोचा आवाज पडला खालच्या-मधल्या पट्टीतला, ऑर्केस्ट्रा जरा सुटला की बुडालाच तो, आणि बार्बिरोलीला हे दुसऱ्या कुणी सांगायची गरजच नव्हती. पहिल्या मूव्हमेंटमध्ये (म्हणजे रचनेच्या पहिल्या भागात) व्हायोला, व्हायोलिनपेक्षा जरा मोठ्या, एकट्याच मेन थीम घेतात, खाली काही आधार नाही, तिथं तो घाई करत नाही. आणि तिसरी संथ मूव्हमेंट तर पुन्हा पुन्हा ऐका, द्यु प्रेनं सूर ताणला की बार्बिरोली आणि ऑर्केस्ट्रा थांबतात, सोडला की निघतात, मुरलेल्या तबलजीला गवयाची जागा आधीच कळते ना, तसं.

आता तक्रारी. चेलो माइकच्या फारच जवळ वाटतो, हॉलमध्ये असा कधी ऐकू येणार नाही. काहींना द्यु प्रेचं वाजवणं जरा जास्तच भावुक वाटतं, शेवटाकडे लय खूप ताणलीय हे खरंय, मला चालतं. मोबाइलच्या स्पीकरवर मात्र ऐकूच नका, खालचे सूर गायब होतात, हेडफोन लावा.

मूळ एलपीच्या दुसऱ्या बाजूला जॅनेट बेकरनं गायलेली एल्गारचीच समुद्रावरची गाणी आहेत, ती पण भारी. सीडी घेताना ती आहेत का बघा, आणि कव्हरवर बार्बिरोलीचं नाव पण तपासा, कारण द्यु प्रेचं हेच कॉन्चेर्तो कंडक्टर बॅरेनबॉइमबरोबर १९७० चं लाइव्हसुद्धा मिळतं, ऑनलाइन शोधताना दोन्ही एकत्रच येतात.