फेनेरची चढण आणि कुलूपबंद दरवाजा : इस्तंबूलमधली दोन दिवसांची पायी फेरी

सांगलीच्या शाळेत मी ३१ वर्षं इतिहास शिकवला. दर वर्षी नववीच्या फळ्यावर एक ओळ लिहायची : १४५३ साली ऑटोमन तुर्कांनी कॉन्स्टँटिनोपल जिंकले व खुष्कीचा व्यापारी मार्ग बंद झाला. पुढच्या ओळीत वास्को द गामा कालिकतला उतरायचा आणि ते शहर आमच्या वर्गातून कायमचं निघून जायचं. तिथली माणसं नंतर कशी जगली, त्यांचा देवधर्म कुणी चालवला, हा प्रश्न मनात राहिला तो निवृत्त झाल्यावरच. म्हणून या ऑक्टोबरात इस्तंबूलला, म्हणजे त्याच कॉन्स्टँटिनोपलला, पोचल्यावर बोटीची सैर आणि बाजार मागे ठेवून आधी ऑर्थोडॉक्स, म्हणजे पूर्वेकडच्या चर्चचा, ख्रिस्ती वारसा दाखवणारी दोन दिवसांची पायी फेरी ठरवली. आठ जणांचा गट, इंग्रजी बोलणारी तिथलीच गाइड. भारतातून आम्ही नवरा-बायको दोघंच.

पहिला दिवस आयासोफ्याचा. एके काळचं इथलं मुख्य चर्च, आता मशीद. पर्यटकांना फक्त वरच्या सज्जात सोडतात, तिकीट २५ युरो. घुमट बघून माझंही भान हरपलं, पण त्याबद्दल इतरांनी भरपूर लिहून ठेवलंय. गाइडचं वेगळेपण कळलं ते एका साध्या दगडापाशी. सज्जातल्या फरशीवर एन्रिको दांदोलो असं नाव कोरलेला दगड आहे. हा व्हेनिसचा आंधळा, म्हातारा प्रमुख. याच्याच साथीनं १२०४ साली चौथ्या धर्मयुद्धाच्या, म्हणजे पश्चिमेकडच्या ख्रिस्त्यांच्या, फौजेनं हे ख्रिस्ती शहर लुटलं आणि पुढच्या वर्षी तो मेल्यावर त्याला इथंच पुरलं. आमच्या पुस्तकांत पूर्व आणि पश्चिम चर्च फुटल्याचं साल १०५४. त्या जुलैत पोपच्या दूतानं बहिष्काराचं पत्र याच इमारतीतल्या वेदीवर ठेवलं, हे खरं. पण तो बहिष्कार काही मोजक्या माणसांवर होता. पवित्र आत्मा पित्यापासून निघतो की पिता-पुत्र दोघांपासून, हा वाद सामान्य माणसाच्या घरापर्यंत पोचला नव्हता. सैनिकांनी देवळातली भांडी पळवली ही गोष्ट मात्र घराघरात पोचली. खालच्या वेदीच्या जागेकडे आणि मग पायाशी असलेल्या त्या दगडाकडे बोट दाखवत तिनं हे सांगितलं. १०५४ चा बहिष्कार दोन्ही बाजूंनी मागे घेतला तो थेट १९६५ साली.

दुसऱ्या दिवशी सकाळी कारिये, म्हणजे जुना खोरा मठ. खोरा म्हणजे शिवार, गावकुसाबाहेरची जागा. २०२४ पासून तिथं पुन्हा नमाज होते, त्यामुळे डोक्यावर ओढणी हवी. आत दारावरच्या मोझेकमध्ये प्रचंड टोपी घातलेला एक माणूस गुडघे टेकून ख्रिस्ताला देवळाची प्रतिकृती अर्पण करतोय. हा थिओडोर मेटोकायटीस. सम्राटाचा मुख्य मंत्री, ॲरिस्टॉटलवर भाष्य लिहिणारा, खगोल जाणणारा. १३१५ ते १३२१ च्या सुमारास त्यानं हा मठ नव्यानं सजवला. १३२८ मध्ये आजोबा सम्राटाला नातवानं पदच्युत केलं, तशी मंत्र्याचीही हवेली लुटली गेली आणि त्याला हद्दपार व्हावं लागलं. पुढे परत यायची परवानगी मिळाली तेव्हा तो याच मठात भिक्षू म्हणून राहिला आणि १३३२ मध्ये इथंच वारला. मंत्री असताना स्वतःच करवून घेतलेलं ते चित्र त्यानं भिक्षूच्या वस्त्रांत किती वेळा पाहिलं असेल, या विचारानं मी दारातच खिळले.

बाजूच्या दालनातलं भित्तिचित्र बघायला तरी ही फेरी घ्याच. ख्रिस्त मृतांच्या लोकात उतरलाय आणि आदम-हव्वेला थडग्यातून खेचून बाहेर काढतोय. त्यानं हात हातात घेतलेला नाही, मनगटं घट्ट पकडलीत. पायाखाली मृत्यू बांधून पडलाय, भोवती तुटलेली कुलपं आणि किल्ल्या विखुरल्यात. पश्चिमेकडच्या चित्रांत ख्रिस्त सहसा एकटा थडग्यातून उठतो. इथं सगळ्या माणसांना घेऊन उठतो. गाइड एवढं सांगून दहा मिनिटं गप्प राहिली. चांगला गाइड कधी गप्प बसतो यावर ओळखावा.

एका गोष्टीवर मात्र आमचं जमलं नाही. चौदाव्या शतकातल्या हेसिकास्ट भिक्षूंबद्दल सांगताना, म्हणजे श्वासासोबत येशूचं नाम जपत दिव्य प्रकाश अनुभवणाऱ्या साधकांबद्दल, ती आमच्याकडे वळून म्हणाली, 'तुमच्या योगासारखंच.' असं बोलणं भारतीय पाहुण्यांना आवडतं, हे तिला कुणीतरी शिकवलेलं असावं. पण त्यात त्या वादाचं सगळं मर्म हरवतं. साधकाला दिसतो तो प्रकाश खुद्द देवाचा की निर्माण झालेली एखादी वस्तू, असा तो प्रश्न होता. ग्रेगरी पालामास म्हणाला, देवाचं स्वरूप कुणालाच कळणार नाही, पण त्याच्या शक्ती अनादी आहेत आणि माणसाला त्यांचा अनुभव येतो. याच काळात यादवी युद्ध चालू होतं. त्यात गादी मिळवलेल्या सम्राटानं पालामासची बाजू घेतली, आणि १३५१ च्या धर्मसभेनंतर मेटोकायटीसचा शिष्य ग्रेगोरास, जो पालामासच्या विरोधात होता, याच खोरा मठात नजरकैदेत पडला. हे मी तिला सांगितल्यावर तिनं वही काढून नाव लिहून घेतलं. त्याबद्दल मला तिचं कौतुकच आहे.

तिथून उताराच्या गल्ल्यांतून पामाकारिस्तोस हे जुनं चर्च. पत्रकात आतल्या प्रवेशाचा उल्लेख होता, पण आम्ही गेलो त्या दिवशी ते बंद होतं आणि ते कंपनीनं आधी कळवलं नव्हतं. खोराचं तिकीट वेगळं पडतं हेही तिथं पोचल्यावरच कळलं. गाइडनं मात्र भिंतीच्या सावलीत बसवून जे सांगितलं, ते मला वर्गात सांगता आलं असतं तर किती बरं झालं असतं. जॉर्ज स्कोलारिओस ॲरिस्टॉटलचा पंडित, पश्चिमेकडच्या थॉमस अक्वायनसचाही चाहता. १४३८-३९ मध्ये पोपशी ऐक्य करायला सम्राट इटलीत गेला तेव्हा हाही सोबत होता आणि ऐक्याच्या बाजूनं होता. परतल्यावर मत पालटलं आणि तो ऐक्याचा कडवा विरोधक झाला. शहर पडलं तेव्हा त्याला गुलाम म्हणून नेलं. सुलतान मेहमदनं त्याला शोधून आणलं आणि जानेवारी १४५४ मध्ये कुलगुरूपदी (पॅट्रिआर्क, ऑर्थोडॉक्स चर्चचा प्रमुख) बसवलं; ऑर्थोडॉक्स प्रजेचे डोळे पोपकडे लागू नयेत, यासाठी असाच माणूस हवा होता. ऐक्याला विरोध करणाऱ्याला गादी मिळाली ती मुस्लिम सुलतानाच्या हातून! नाव धारण केलं गेनाडिओस. ग्रीसमधल्या मिस्त्राचा तत्त्वज्ञ प्लेथॉन जुन्या ग्रीक देवांकडे परत जाऊ म्हणत होता. त्याच्या मृत्यूनंतर त्याचं हस्तलिखित यानंच जाळलं. याच पामाकारिस्तोसमध्ये पुढे त्याचं पीठ होतं. चर्च त्यानं टिकवलं आणि एका तत्त्वज्ञाचा मुख्य ग्रंथ आगीत घातला. त्याच्याबद्दल काय मत बनवावं, हे माझं अजून ठरत नाही.

फेनेर या जुन्या ग्रीक वस्तीत यांचे गुडघे बोलू लागले. चढण खरोखर उभी आहे, दगडी पायऱ्या घसरड्या. साठीपुढच्यांनी काठी घ्या. कुलगुरूपीठाचं सेंट जॉर्ज चर्च बाहेरून इतकं साधं की आपण योग्य जागी आलोत का, अशी शंका येते. आवाराचा मधला दरवाजा कायमचा बंद. १८२१ च्या ईस्टरच्या दिवशी कुलगुरू पाचवा ग्रेगरी याला ऑटोमन सरकारनं तिथं फाशी दिलं. ग्रीक बंडखोरांवर त्यानं स्वतः बहिष्कार घातला होता, तरीही प्रजेच्या बंडाची जबाबदारी प्रजेच्या प्रमुखावर. आत एका बाजूला जॉन क्रिसोस्टम आणि नाझियान्झसचा ग्रेगरी या दोन प्राचीन धर्मपित्यांचे अवशेष आहेत. ते २००४ साली रोमनं परत केले. आदल्या दिवशीचा दांदोलोचा दगड इथं मला पुन्हा आठवला.

याच छोट्या देवळात जानेवारी २०१९ मध्ये युक्रेनच्या चर्चला स्वातंत्र्य देणाऱ्या पत्रावर सही झाली. मॉस्कोच्या चर्चनं त्याआधीच, ऑक्टोबर २०१८ मध्ये, इथल्या पीठाशी धर्मसंबंध तोडले होते. शहरात ग्रीक उरलेत दोन-तीन हजार. १९५५ च्या सप्टेंबरात काय घडलं, हे मी रस्त्यात विचारलं. गाइड थांबली, आणि आधुनिक तुर्कस्तानचा संस्थापक अतातुर्क याच्या जन्मघरावर बॉम्ब टाकल्याच्या बातमीवरून ग्रीकांची दुकानं आणि चर्च कशी फोडली, ते तिनं न टाळता सांगितलं. पाद्री घडवणारं हाल्कीचं धर्मविद्यालय १९७१ मध्ये बंद झालं, हेही.

शेवटी मी माझ्या मिरजेच्या शेजारणीबद्दल विचारलं. केरळहून आलेल्या त्या सिस्टर स्वतःला ऑर्थोडॉक्स म्हणवतात, मग हे त्यांचंच चर्च का? गाइडनं समुद्रापलीकडे बोट दाखवलं. समोरचं कादिकॉय म्हणजे जुनं खाल्सिडॉन. ४५१ सालच्या तिथल्या धर्मसभेनं ख्रिस्ताचं दैवी आणि मानवी स्वरूप कसं मांडलं, ते केरळच्या मलंकारा परंपरेला मान्य नाही, म्हणून नाव एक असलं तरी चर्च वेगळं. फेरीबोट जवळच आहे, वेळ असेल तर जाऊन या, म्हणाली. आम्ही गेलो. तिथं आता मासळीबाजार आणि चहाची दुकानं आहेत. मी फोटो काढून शेजारणीला पाठवला.

जायचं असेल तर शुक्रवार टाळा, दुपारच्या नमाजेमुळे वेळापत्रक विस्कटतं. शक्य असेल तर दुसरा दिवस रविवारी घ्या आणि फेरीआधी सकाळी एकटेच सेंट जॉर्जच्या उपासनेला जा. आम्ही रविवारी पुन्हा गेलो. भाषा कळली नाही. शेजारच्या आजींनी सरकून मला जागा दिली आणि मेणबत्ती कुठं लावायची ते बोटानं दाखवलं.