एका सुताने चुकलेलं पार्थेनॉन

पार्थेनॉन या अथेन्समधल्या जुन्या ग्रीक देवळाचं लाकडी मॉडेल जोडायचं किट मागवलं, तर खोक्यात 50 खांब निघाले. दोनदा मोजले, तरी 50च. पार्थेनॉनच्या बाहेरच्या रांगेत खांब असतात 46. समोर 8, मागे 8, दोन्ही बाजूंना 17-17. नुसती बेरीज केली तर 50 येते खरी, पण कोपऱ्यातला खांब दोन्ही रांगांमध्ये असतो, तो एकदाच धरायचा. आयटीआयमध्ये मी 26 वर्षं सिव्हिल ड्राफ्ट्समनची पोरं शिकवली. कुंपणाचे खांब मोजायला सांगितले की दरवर्षी दोघं-तिघं हेच करायचे. जोत्याला भोकं मात्र 46 आहेत, म्हणजे चूक पॅकिंगवाल्याची. माझ्या हातून दोन खांब चिरले, तेव्हा जास्तीचे उपयोगीच पडले. त्यामुळे यावर माझं भांडण नाही. भांडण आहे ते कोपऱ्याच्याच दुसऱ्या एका गोष्टीवरून.

आधी खरेदीचं सांगते. किंमत 2,850 रुपये, स्केल 1:200. आत 3 मिमी एमडीएफच्या (दाबलेल्या लाकडी भुशाच्या) सात शीट्स, खांबांसाठी 10 मिमीच्या गोल दांड्या, पॉलिश पेपर, पांढऱ्या रंगाची बाटली आणि एक पुस्तिका. मागवलं भर जुलैत, हा माझा शहाणपणा. बडोद्यात दांडिया बाजारातल्या आमच्या घरी डिलिव्हरीवाल्याने खोकं जिन्याखाली टेकवलं, बरोबर पागोळ्यांच्या खाली. एमडीएफ आणि पाणी म्हणजे बिस्कीट आणि चहा. एक शीट फुगली. फोटो पाठवला तर पाचव्या दिवशी नवी शीट घरी, एक पैसाही मागितला नाही. याचे पूर्ण गुण.

लेझरची कापणीही सुरेख. खाचा एकमेकींत बसतात, ठोकाठोकी नाही. फुटपट्टी लावली: जोत्याची वरची पायरी 34.7 सेंटिमीटर लांब, 15.4 रुंद. खरी आहे 69.5 मीटर बाय 30.9. चोख उतरलंय. आतल्या भिंतीला वरून चिकटवायची मिरवणुकीच्या शिल्पांची छापील पट्टी आहे, 80 सेंटिमीटर लांब आणि जेमतेम 5 मिलिमीटर उंच. भिंग घेतल्याशिवाय घोडे कुठले आणि माणसं कुठली कळत नाही. पण मूळची 160 मीटरची पट्टीसुद्धा खांबांच्या रांगेच्या आत, जवळजवळ 12 मीटर उंचीवर होती. खाली उभं राहणाऱ्याच्या मानेला तेव्हाही रग लागत असणारच.

काही गोष्टी किटमध्ये नाहीत आणि त्याबद्दल मी ओरडणार नाही. पार्थेनॉनचं जोतं सपाट नाही, लांब बाजूला मध्यावर साधारण 11 सेंटिमीटर वर उचललेलं आहे. खांब सरळ उभे नाहीत, किंचित आत झुकलेत. मधे थोडे फुगीर आहेत, आणि कोपऱ्यातले खांब बाकीच्यांपेक्षा सुमारे 4 सेंटिमीटरने जाड. 1:200 ला 11 सेंटिमीटरचा होतो अर्धा मिलिमीटर. तो एमडीएफमध्ये मागणं म्हणजे रवा चाळून मोती शोधणं. सोडून दिलं.

आता कोपरा. खांबांवर आडवी तुळई, तुळईवर नक्षीची पट्टी. पट्टीत एक तीन उभ्या दांड्यांचा ठोकळा, मग एक चौकोनी फळी, पुन्हा ठोकळा. ठोकळ्याला ट्रिग्लिफ म्हणतात, फळीला मेटोप. नियम असा की प्रत्येक खांबाच्या डोक्यावर मधोमध एक ट्रिग्लिफ, आणि दोन खांबांच्या मधल्या जागेवर एक. पट्टी कोपऱ्यात संपायची तीही ट्रिग्लिफनेच, अर्धी फळी चालत नाही. आता तुळई पावणेदोन मीटर जाड आणि ट्रिग्लिफ जेमतेम 84 सेंटिमीटर रुंद. तो पार कडेला सरकवला की खालच्या खांबाचा मध्य सुटतो, जवळजवळ 45 सेंटिमीटरने. मग शेवटची फळी तेवढी ताणायची? ते सगळ्यांच्या डोळ्यांत खुपतं. ग्रीक गवंड्यांनी वेगळा तोडगा काढला: कोपऱ्यातला खांबच शेजाऱ्याजवळ ओढला. पार्थेनॉनमध्ये खांबांच्या मध्यांतलं अंतर एरवी 4.29 मीटर, कोपऱ्याशी सुमारे 3.7. ही कटकट इतकी छळायची की डोरिक पद्धत, म्हणजे हीच ट्रिग्लिफवाली, देवळांना लावूच नये असं काही जुन्या स्थपतींचं मत होतं, हे इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकातला रोमन स्थपती विट्रुव्हियस नोंदवून ठेवतो.

तर 60 सेंटिमीटरचा फरक. 200ने भागा, 3 मिलिमीटर. सुताराच्या भाषेत एक सूत.

किटवाल्यांनी ते सूत खाल्लं. पट्टी त्यांनी खऱ्या नकाशावरून कोरली आहे, समोर 15 ट्रिग्लिफ, कोपऱ्यात दोन बाजूंचे दोन अगदी खेटून. छान. खाली जोत्याची भोकं मात्र समान अंतरावर पाडली, कॉम्प्युटरला एकदा सांगितलं असणार, आठ भोकं समान वाट. परिणाम असा की दुसऱ्या आणि तिसऱ्या खांबावरचा ट्रिग्लिफ मध्य सोडून बसतो. घरातल्या कुणाला कळलं नाही. मला रात्री झोप लागेना. माझे आजोबा सयाजीरावांच्या कलाभवनात सुतारकाम शिकलेले. दाराची चौकट एक सूत तिरकी बसली तर उतरवायचे, मग यजमान जेवायला खोळंबलेले असोत.

सगळं उसकटायची हिंमत झाली नाही, म्हणून फक्त पूर्वेचं तोंड घेतलं. भोकांत दांडीचे तुकडे फेविकॉल लावून ठोकले, सुकू दिले, आणि दुसऱ्या दिवशी नवी भोकं पाडली. कोपऱ्यापासून दुसरा खांब सव्वादोन मिलिमीटर कोपऱ्याकडे, तिसरा सव्वा मिलिमीटर, मधले दोन जागेवर. दोन्ही टोकांना तसंच. शेजारच्या मुलाकडून हातातलं छोटं ड्रिल आणलं होतं. भोकं सरकवल्यावर पट्टी वर ठेवली आणि ट्रिग्लिफ खांबांवर येऊन बसले. बाजूचे सतरा-सतरा अजून किटवाल्यांच्याच हिशोबाने उभे आहेत.

एवढं झाल्यावर सरळसोट दांड्या बघवेनात. खरा खांब खाली 1.9 मीटर आणि वर दीडला थोडा कमी, निमुळता होत जातो. वर बशीसारखं डोकं. संखेड्याच्या एका खरादीकडे नमुना काढून घेऊन गेले. ते लोक पाळणे आणि झोपाळ्यांच्या दांड्या लेथवर घडवतात, त्यांना निमुळतं म्हणजे काय हे सांगावं लागत नाही. त्याने कागद उलटासुलटा केला आणि विचारलं, "मासी, आ शेना पाया छे?" मी म्हटलं देवळाचे. एवढ्याशा देवळात देव कुठला, असं त्याचं पुढचं. आठ सागवानी खांब त्याने नजरेच्या मापाने काढले, एकही दुसऱ्यापेक्षा कमीजास्त नाही. पन्हळी मात्र त्यालाही जमणाऱ्या नव्हत्या. डोरिक खांबाला उभ्या 20 पन्हळी असतात, 5 सेंटिमीटर उंचीच्या खांबाला कशा पाडायच्या? मग मी मनाशी सिसिलीतलं सेगेस्टा काढलं. तिथलं देऊळ अर्धवट राहिलंय, खांब गुळगुळीतच, पायऱ्यांच्या दगडांवर उचलायला ठेवलेले उंचवटेही तासायचे राहून गेलेले. पन्हळी खांब उभे केल्यावर शेवटी कोरायची रीत होती, ते तिथे दिसतं. माझंही काम चालू आहे असं समजा.

लाकडात हे देऊळ करताना एक गंमत वाटत राहते. ही सगळी रचना मूळची लाकडी, असं विट्रुव्हियसचंच म्हणणं: ट्रिग्लिफ म्हणजे तुळयांची झाकलेली टोकं. ऑलिंपियाच्या हेराच्या देवळात एकेक लाकडी खांब काढून दगडी बसवत गेले. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात ग्रीक प्रवासी पॉसेनियस गेला तेव्हा मागच्या दालनात एक ओकचा खांब अजून उभा होता. आपल्याकडे कार्ल्याच्या चैत्यात डोंगर कोरून झाल्यावर छताला खरे लाकडी वासे बसवलेच, आणि ते टिकलेत. कारागिराला लाकडाची सवय सुटत नाही.

पुस्तिकेबद्दल थोडक्यात. खोक्यावरचं चित्र पश्चिमेचं आहे, आणि पुस्तिका त्यालाच पुढचं तोंड म्हणते. अॅक्रोपोलिसच्या टेकडीवर चढून गेल्यावर हीच बाजू आधी दिसते, म्हणून फोटोही हिचेच. अथेना देवीची मूर्ती असलेल्या दालनाचं दार मात्र पूर्वेला. पश्चिमेच्या खोलीत शिरायचं पश्चिमेकडूनच, दोन खोल्यांमध्ये दार नाही. किटने दिलंय! ते देवळाचं चर्च झाल्यावर पाडलेलं. मी फळीचा तुकडा लावून बुजवलं. पांढरा रंग द्या म्हणतात, तोही दिला नाही. ट्रिग्लिफ निळे असत, काही पट्ट्या लाल. नातीने बारीक ब्रशने 15 ट्रिग्लिफ निळे केले, तीन तास लागले.

छप्पर उचलता येतं, ते चिकटवू नका. भाचेसुनेच्या मुलाचा चेंडू लागून दक्षिणेचे मधले सहा खांब पडले, तेव्हा छप्पर उचलून आत हात घालता आला. खऱ्या देवळाचंही मधूनच गेलं, 26 सप्टेंबर 1687ला, तुर्कांनी आत दारूगोळा भरला होता आणि व्हेनिसवाल्यांचा गोळा त्यावर पडला. पुस्तिका म्हणते सैल भागांना बारीक खिळे मारा. बडोद्याच्या दमटपणात? खिळा गंजला की फुगतो आणि लाकूड फोडतो. गेल्या शतकाच्या सुरुवातीला बालानोस नावाच्या इंजिनिअरने पार्थेनॉनच्या डागडुजीला उघडे लोखंडी आकडे वापरले, ते गंजले आणि संगमरवराला भेगा पडल्या. मूळच्या ग्रीकांनी तेच आकडे शिशात बुडवून बसवले होते. आता तिथे टायटॅनियम घालतात. मी पितळी टाचण्या घेतल्या, 40 रुपयांच्या.

पाचात साडेतीन. शाळकरी मुलाला द्यायचं तर खुशाल द्या, दोन रविवार जातील आणि देऊळ उभं राहील. नकाशे वाचणाऱ्याला द्यायचं असेल तर सोबत ड्रिलही द्या. कंपनीला मी भोकांचं दुरुस्त केलेलं मापपत्र मेलने पाठवलंय, "फीडबॅकबद्दल धन्यवाद" एवढं उत्तर आलं.

माझे दहा खांब उरले. त्यातले चार यंदा गणपतीच्या मखराला लागले, कोपरे मी मोजून घेतले.